निळवातीच्या शोधात : रत्नागिरी ते मालवण

शुक्रवार

पहाटे पुण्याहून निघालो. कराड, पाटण, कोयनानगर करत कुंभार्ली घाट उतरलो आणि चिपळूणला जेवायला थांबलो. ताटं येईपर्यंत भाचीनं नवी कोरी वही उघडून पहिल्या पानावर ठळक अक्षरांत लिहिलं, ‘निळवात काय खाते?’

निळवात ही माझ्या कथेतली वनस्पती. कुमार वाचकांसाठी मी एक अद्भुत कादंबरी लिहिते आहे. तिच्यातली तळकर माणसं समुद्राच्या तळाशी राहतात. तिथं ऊन पोचत नाही. जो काही उजेड असतो तो निळवातीचा. मनगटाएवढं जाड खोड, वर लांब पाती आणि पात्यांच्या कडेनं निळा प्रकाश, एवढं तिचं रूप वर्षभर माझ्या डोळ्यांसमोर होतं. कच्ची प्रकरणं सातवीतल्या भाचीला वाचायला दिली, तर तिनं विचारलं, “आत्या, ऊन नाही तर ती वाढते कशावर? आणि उजेड कशाला देते? झाडाला काय पडलंय तळकरांचं?”

दोन्ही प्रश्न रास्त होते. अद्भुत कथेत काहीही चालतं, असं मी मानत नाही. मुलं लबाडी लगेच ओळखतात. उडणारा घोडा त्यांना चालतो, पण तो दमतो कधी आणि पाणी कुठं पितो हे लेखकाला माहीत असावं लागतं. म्हणून ठरवलं, कार्तिकी अमावस्या गाठून कोकणात जायचं. थंडी पडायला लागली की आपल्या किनाऱ्यावर काही रात्री समुद्र खरोखर निळा उजळतो. नोव्हेंबर २०२० मध्ये तो जुहूच्या चौपाटीवरही दिसला होता आणि मुंबईची माणसं रात्री बघायला गेली होती. अंधारात पाणी उजळतं कसं आणि का, हे समोर उभं राहून बघायचं आणि मगच निळवातीकडे परत वळायचं.

भाचीला शाळेतून रजा मिळाली. आईही आली. ती संस्कृतची शिक्षिका होती, त्यामुळे संगमेश्वर येईपर्यंत गाडीत औषधींचा तास झाला. रामायणात हनुमान ज्या पर्वतावर जातो तिथल्या चारही औषधी, मृतसंजीवनी, विशल्यकरणी, सुवर्णकरणी आणि संधानी, दाही दिशा उजळत उभ्या असतात. कालिदासाच्या ‘कुमारसंभवा’त तर हिमालयातल्या गुहांमध्ये रात्री वनस्पतीच दिवे होतात, तेलाशिवाय जळणारे. आई म्हणाली, “आपल्याकडे उजेडाची झाडं डोंगरावर होती. तू ती पाण्यात नेलीस.”

मला ते फार आवडलं. कारण निसर्गात स्वतःचा उजेड असलेली एकही खरी वनस्पती नाही. भीमाशंकरच्या जंगलात पावसाळ्यात कुजलेल्या लाकडावर हिरवट उजेड दिसतो, तो बुरशीचा. १९८६ साली काजव्याचं जनुक घालून तंबाखूचं रोप उजळवलं गेलं, आणि २०२४ पासून बुरशीची जनुकं घातलेली पेटुनियाची रोपं अमेरिकेत विकत मिळतात. ही सगळी माणसाची करणी. झाडांनी आपणहून हा मार्ग कधीच धरला नाही. त्यांचं सगळं आयुष्य उजेड गोळा करण्यात जातं, तो वाटण्यात नाही. मग निळवात तो वाटते तर तिला तसंच मोठं कारण हवं.

रत्नागिरीत पोचलो तेव्हा अंधार पडला होता.

शनिवार

सकाळी झाडगावला कोकण कृषी विद्यापीठाच्या सागरी जीवशास्त्रीय संशोधन केंद्रात गेलो. तिथलं मत्स्यालय आणि संग्रहालय लोकांना बघता येतं. देवमाशाचा सांगाडा बघून आई बराच वेळ त्याच्या बरगड्यांखाली उभी राहिली. आम्ही दोघी मात्र बाटल्यांमधले नमुने बघत, पाट्या वाचत फिरलो.

बाहेर येऊन एका झाडाखाली बसलो आणि भाचीनं वहीत समुद्र काढला. ही तिची युक्ती मला इतकी पटली की पुढे सगळा प्रवास त्या एका पानावरच झाला. पानावर चोवीस ओळी होत्या. एक ओळ म्हणजे शंभर मीटर. सगळ्यात वर पाण्याचा पृष्ठभाग, सगळ्यात खाली निळवातीचं गाव.

पहिल्या दोन ओळींतच झाडांचं राज्य संपलं. साधारण दोनशे मीटरच्या खाली जो उजेड उरतो त्यात बहुतेक शैवालांना अन्न करता येत नाही. मी तिला बहामाजवळची गोष्ट सांगितली. १९८४ साली तिथं पाणबुडीतून उतरलेल्या शास्त्रज्ञांना २६८ मीटर खोलीवर खडकाला चिकटून वाढणारं जांभळट लाल शैवाल सापडलं. वरच्या उन्हाचा दोन लाखांतला एक भाग त्याच्या वाट्याला येत होता, आणि तेवढ्यावर ते जगत होतं. भाचीनं तिसऱ्या ओळीच्या मधोमध एक लाल ठिपका दिला आणि शेजारी लिहिलं, ‘शूर’.

नवव्या ओळीच्या थोडं खाली बीबीचा गोळा आला. १५ ऑगस्ट १९३४ ला विल्यम बीबी आणि ओटिस बार्टन हे दोघं पोलादी गोळ्यात बसून बर्म्यूडाजवळ ९२३ मीटर खोल उतरले होते. खिडकीतून त्यांना काळोखात हलणारे, लुकलुकणारे दिवे दिसले. दहाव्या ओळीवर तिनं जाड रेघ मारली. हजार मीटर. याच्या खाली सूर्याचा कणही पोचत नाही. तरी तिथं उजेड असतो, कारण प्राणी तो स्वतः तयार करतात. कॅलिफोर्नियाजवळ मॉन्टेरे बे संशोधन संस्थेनं १७ वर्षांचं चित्रण तपासून २०१७ मध्ये सांगितलं की पाण्यात तरंगणाऱ्या, पोहणाऱ्या ज्या प्राण्यांची नोंद झाली त्यातले ७६ टक्के उजेड देऊ शकणारे होते. म्हणजे पृथ्वीवरच्या या सगळ्यात मोठ्या घरात दिवा नसणं हाच अपवाद.

“पण हे सगळे प्राणी,” भाची म्हणाली. “झाड कुठंय?”

मग मी तिला शेवटच्या ओळीवर नेलं. तिथं माझा हुकमाचा पत्ता होता. प्रशांत महासागराच्या पूर्व भागात २,३९१ मीटरवर समुद्राच्या तळातून उकळतं पाणी वर येतं. त्या गरम मुखापाशी एक हिरवा गंधक-जिवाणू सापडला. २००५ मध्ये त्याच्यावरचा शोधनिबंध आला. हा जिवाणू प्रकाशावर जगणाऱ्या कुळातला आहे, आणि तिथं सूर्य नाही. असतो तो फक्त तापलेल्या पाण्याचा अतिशय मंद, आपल्या डोळ्यांना न दिसणारा उजेड. तेवढ्यावर तो अन्न करतो. हा शोध मी पहिल्यांदा वाचला तेव्हा उठून घरभर फिरले होते. काळोखातलं झाड ही कविकल्पना आहे असं आपण म्हणतो, आणि इतका लहान, इतका सावकाश जगणारा एक जीव तिथं आधीच बसलेला असतो.

भाचीनं चोविसाव्या ओळीवर हिरवा ठिपका दिला. “निळवातीचं घर इथं,” ती म्हणाली. मीही तेच ठरवलं होतं.

रात्री भाट्याच्या किनाऱ्यावर दीड तास काढला. पाणी काळंच राहिलं.

रविवार

अमावस्येच्या आसपास ओहोटी पहाटे लागते आणि मोठी असते. उजाडता उजाडता आरे-वारेच्या खडकांवर होतो. पाणी बरंच मागे गेलं होतं, खळग्यांमधून साठून राहिलं होतं. आई वर रस्त्याकडेला चहाचा थर्मास घेऊन बसली. आम्ही चपला हातात घेऊन खाली उतरलो. खडकावरची कालवं तळवे कापतात, म्हणून पाय जपून.

एका खळग्यात भाची पोटावर पालथी पडली आणि मला हाक मारली. तळहाताएवढ्या खडकावर समुद्रफुलं होती. मधे तोंड, भोवती मऊ शुंडकांची झालर. कोवळ्या पानांचा हिरवा रंग. तिनं करंगळीचं टोक हळूच लावलं, तसं एक फूल मिटलं आणि गोटीएवढं होऊन बसलं. आम्ही दोघी न हलता थांबलो. दोनेक मिनिटांनी ते पुन्हा उमलायला लागलं. एकेक शुंडक बाहेर येत होतं, आधी टोक, मग सबंध लांबी. त्या वेळात पाण्यावर एक तरंग उठला नाही.

दिसायला फूल, पण हा प्राणी. उथळ पाण्यातल्या त्याच्या कितीतरी भाऊबंदांच्या अंगात सूक्ष्म शैवालं राहतात. उन्हात ती अन्न करतात आणि त्यातला वाटा घरमालकाला देतात. प्रवाळाचंही तसंच. मला त्या खडकावर पहिल्यांदा निळवातीचं पोट दिसलं. तिला एकटी का ठेवायची? तिच्या पात्यांत भाडेकरू असू देत. गरम मुखातून येणाऱ्या गंधकयुक्त पाण्यावर जगणारे जिवाणू. १९७७ मध्ये गालापागोसजवळ अशी मुखं सापडली तेव्हा त्यांच्याभोवती जे मोठे नळीकृमी दिसले, त्यांना तोंडही नाही आणि आतडंही नाही. सगळं घर त्यांच्या शरीरातले जिवाणू चालवतात. निळवातही तशीच. खोडातून गरम पाणी वर ओढायचं, पात्यांतल्या भाडेकरूंना पुरवायचं आणि बदल्यात जेवण घ्यायचं.

भाचीनं वहीतल्या पहिल्या पानावरच्या प्रश्नापुढे उत्तर लिहिलं आणि खाली नवा प्रश्न टाकला, ‘मग ही झाड की प्राणी?’ मी तिला सांगितलं की तळकर तिला झाड म्हणतात, तेवढं पुरे.

नऊच्या सुमारास पाणी चढायला लागलं. सागरी महामार्गानं दक्षिणेला निघालो. पावस, पूर्णगड, जैतापूर. खाड्यांवरचे पूल आले की आई गाडी हळू चालवायला लावायची. विजयदुर्गात थोडं थांबलो. तटावरून पश्चिमेला बघताना भाचीला सांगितलं की इथून समुद्रात शंभरएक किलोमीटर गेलं की पाण्याखाली एक मोठं पठार आहे, आंग्रिया बँक. कान्होजी आंग्र्यांचं नाव आहे त्याला. त्याचा माथा पाण्याखाली साधारण वीस मीटरवर आहे आणि त्याच्यावर प्रवाळांची वस्ती आहे. वरून जाणाऱ्या बोटीला नुसतं पाणी दिसतं. तिनं विचारलं, “तळकरांचा एखादा डोंगर असा वर येतो का, जिथून त्यांना ऊन दिसतं?” आतापर्यंत नव्हता. आता आहे.

मालवणला पोचायला रात्र झाली. जेवून झोपलो.

सोमवार

सकाळी तारकर्लीच्या बाजूला रापण ओढत होते. पाण्यात अर्धगोल टाकलेलं लांबच लांब जाळं, आणि दोन्ही टोकांना माणसांची रांग. आम्हीही दोरीला हात लावला. जाळं जवळ यायला लागलं तसं मला किनाऱ्यालगत पाण्यात फिकट तांबूस पट्टा दिसला. शेजारच्या म्हाताऱ्या तांडेलांना विचारलं, तर ते पाण्याकडे न बघताच म्हणाले, “रातीक येवा. आज अमावशा. चांदण्यात काय दिसाचा नाय, आज दिसात.” पाणी असं असलं की रात्री जाळ्यात शिरणारा मासा उजेडाची रेघ ओढत येतो आणि तो कुठला हे रेघेवरून कळतं, असंही म्हणाले. मी त्यांना पुन्हा पुन्हा विचारत राहिले आणि ते न कंटाळता सांगत राहिले.

तारली, बांगडे, थोडी कोळंबी असं वेगळं झालं आणि वाळूवर उरलं ते विकलं न जाणारं. त्या ढिगात भाचीला ‘पीस’ सापडलं. वीतभर लांब, मांसल, फिकट केशरी. मधे दांडा, दोन्ही बाजूंना पिसाच्या केसांसारख्या ओळी. सी-पेन. चिखलाच्या तळात दांडा रोवून हा उभा राहतो आणि त्याच्या प्रत्येक केसावर असंख्य इवली तोंडं असतात, सगळी मिळून एक वसाहत. समुद्रात वनस्पतीचं सोंग इतकं हुबेहूब दुसऱ्या कुणी वठवलं नसेल. याच्या काही जाती अंधारात डिवचल्या की उजळतात, आणि हात लागला तिथून उजेडाची लाट दांड्यावरून धावत जाते. ज्या मोठ्या गटात सी-पेन येतो त्या अष्टभुज प्रवाळांमध्ये उजेड देण्याची कला सुमारे ५४ कोटी वर्षांपूर्वी सुरू झाली, असं २०२४ मध्ये शास्त्रज्ञांनी मांडलं. प्राण्यांमधला उजेडाचा हा आजवर ठाऊक असलेला सगळ्यात जुना उगम.

आमच्या हातातला सी-पेन थकून लोळागोळा झाला होता. बादलीत खारं पाणी घेऊन त्याला त्यात ठेवलं आणि तांडेलांच्या होडीतून जाणाऱ्या पोरानं तो खोल पाण्यात सोडला. तो पुन्हा उभा राहिला असेल अशी मला आशा आहे.

दुपारी आईनं सिंधुदुर्ग किल्ला बघितला, आम्ही झोप काढली. रात्रीसाठी.

आठनंतर देवबागच्या बाजूला गेलो. घरांचे दिवे माडांच्या मागे राहिले. पहिली पाच-दहा मिनिटं काहीच दिसलं नाही, कारण डोळ्यांना काळोखाची सवय व्हावी लागते. बॅटरी लावायची नाही असं भाचीकडून आधीच कबूल करून घेतलं होतं. मग एक लाट मोडली आणि तिच्या कडेनं डावीकडून उजवीकडे निळं काहीतरी धावत गेलं. आई म्हणाली, “वीज?” पुढची लाट मोडली, तीही तशीच. मग सगळ्याच.

तो रंग कसा होता हे सांगायचा मी खूप प्रयत्न केला आहे. वेल्डिंगच्या ठिणगीत असतो तो निळा, पण थंड. त्यात हिरव्याची छटा आहे आणि तो एका जागी थांबत नाही. लाट उभी राहत असताना ती काळीच असते. मोडते त्या क्षणी उजळते, फेस पसरतो तसा उजेड पसरतो आणि पाणी मागे सरकताना वाळूवर सुटे ठिपके उरतात, एकेक करून विझणारे. भाची ओल्या वाळूवरून चालत गेली तर तिच्या प्रत्येक पावलाभोवती निळं कडं उमटलं. तिनं मागे वळून बघितलं, तोवर पहिली पावलं विझलेली होती.

लोट्यात पाणी घेतलं. स्थिर ठेवलं की काळोख. बोटानं ढवळलं की आत निळी चक्री. आम्ही पुन्हा पुन्हा ढवळत राहिलो, आणि उजेड दर वेळी कमी होत गेला. शेवटी जेमतेम दोन-तीन ठिपके उठले. लोटा बाजूला ठेवला, अर्ध्या तासानं ढवळलं, तर थोडा परत आला होता.

खोलीवर येऊन लोट्यातलं पाणी पांढऱ्या बशीत ओतलं, दिवा लावला आणि भिंग धरलं. पाण्यात पारदर्शक गोळे तरंगत होते, टाचणीच्या डोक्यापेक्षाही लहान. एका बाजूला खोबण, तिथून बाहेर आलेला बारीक धागा. भिंगातून बघताना तो धागा सावकाश वळतो, एकदा इकडे, एकदा तिकडे. हाच नॉक्टिल्युका. एकपेशीय, आणि एवढ्या समुद्राला पेटवणारा. त्याच्या आत तरंगण्यासाठी एक मोठी पोकळी असते, आणि कडेकडेनं उजेडाची सूक्ष्म ठाणी. पाण्याचा धक्का बसला की त्या पोकळीच्या आवरणावरून विजेचा स्पंद धावतो, ठाण्यांत आम्ल शिरतं, ल्युसिफेरेज नावाचं विकर जागं होतं आणि ल्युसिफेरीन या उजेड देणाऱ्या द्रव्याचा ऑक्सिजनशी संयोग घडवून आणतं. सेकंदाच्या दहाव्या हिश्श्यात उजेड होऊन जातो.

“पण का?” भाचीनं भिंगावरून डोळा न काढता विचारलं.

याचं मला सगळ्यात पटणारं उत्तर असं आहे की हा उजेड म्हणजे ‘चोर, चोर’ अशी हाक. असे सूक्ष्म जीव खायला कोपेपॉडसारखे बारीक कवचधारी प्राणी येतात. त्यांनी तोंड लावलं की उजेड होतो, आणि त्या उजेडात कोपेपॉडला खाणाऱ्या माशाला त्याची शिकार दिसते. खाणाऱ्याच्या डोक्यावर दिवा लावायचा. रात्री साडेअकराला आम्ही दोघी बशीवर वाकून बसलो होतो आणि निळवात उजेड का देते हे मला कळलं. ती तळकरांसाठी उजळत नाही. ती ओरडते. तळकर तिच्या ओरडण्यात वाचतात, शिवतात, मुलांना निजवतात.

मंगळवार

आज देवदिवाळी. आम्ही उतरलो त्या घरातल्या काकूंनी सकाळीच अंगण सारवून तुळशीपुढे रांगोळी काढली. आई त्यांच्या मदतीला गेली. मी ओसरीवर वही घेऊन बसले ती दुपारपर्यंत उठले नाही.

आधी हे लिहून टाकते, कारण रात्रीच्या आनंदात ते मागे पडू नये. अरबी समुद्रात नॉक्टिल्युकाचं एक हिरवं रूप आहे. त्याच्या पोटात हिरवी सूक्ष्म शैवालं हजारोंनी राहतात आणि आतून त्याला जेवू घालतात. शिवाय तो बाहेरचंही खातो. या शतकाच्या सुरुवातीपासून समुद्राच्या उत्तर भागात हिवाळ्यात त्याचे प्रचंड थर येऊ लागले, जिथं पूर्वी डायटम नावाच्या सूक्ष्म शैवालांची सुगी असायची. २०१४ मध्ये आलेल्या एका अभ्यासात याचा संबंध पाण्यातल्या कमी होत चाललेल्या ऑक्सिजनशी लावला. डायटमवर माशांची अन्नसाखळी उभी राहते. नॉक्टिल्युकाला मात्र मुख्यतः जेलीफिश आणि साल्प नावाचे पारदर्शक तरंगते प्राणी खातात, मासे फारसे खात नाहीत. आम्ही काल बघितलेलं तांबूस पाणी लाल रूपाचं, आणि तशी भर किनाऱ्यावर पूर्वीपासून येत आली आहे. पण उजळलेलं पाणी म्हणजे निरोगी पाणी, असं मनात धरायला माझं मन तयार नाही. ज्यांनी मला रात्री यायला सांगितलं त्यांचं पोट त्याच समुद्रावर आहे. निळा किनारा बघायला जाणाऱ्या प्रत्येकानं हेही जाणून घ्यावं, असं मला मनापासून वाटतं.

हे कादंबरीतही येणार. तळकरांच्या गावात एक वर्ष निळवाती भरमसाट फुटतात, सगळा तळ झगमगतो, लोक सण करतात. एकटी एक मुलगी मोजत असते की मासे किती उरले.

आता निळवात. मी वहीत जे लिहिलं ते थोडक्यात असं. ती गरम मुखांच्या काठानं उगवते, चोवीसशे मीटरवर. पाती हिरवी नाहीत. उन्हासाठी लागणारा हिरवा रंग तिथं बाळगायचं कारण नाही. ती काळपट तांबडी आहेत, आणि खोल पाण्यात तांबडं म्हणजे अदृश्य, कारण पाणी तांबडा प्रकाश सगळ्यात आधी गिळतं आणि निळा सगळ्यात दूर जाऊ देतं. म्हणून तिचा उजेड निळा. इथले बहुतेक डोळे निळ्यालाच जागे असतात. ती सतत उजळत नाही. कुणी कुरतडलं, कुणाचा धक्का लागला, की तेवढ्या पात्यातून उजेडाची लाट टोकाकडे धावते, सी-पेनसारखी. एकदा उजळलेलं पातं पुन्हा भरायला वेळ घेतं. त्यामुळे तळकरांच्या घरात रात्रभर दिवा हवा असेल तर पाती पाळीपाळीनं डिवचावी लागतात, आणि हे काम घरातल्या सगळ्यात हलक्या हाताच्या माणसाचं. जास्त डिवचली तर ती उपाशी पडते. अंगणातली निळवात विझली की त्या घराला शेजारी उजेड आणून देतात, पण का विझली हे विचारतात.

भाचीनं हे वाचलं आणि तिला खलनायक हवा झाला. मग मी तिला खोल पाण्यातल्या खऱ्या माशाबद्दल सांगितलं, मॅलाकॉस्टियस. त्याच्या डोळ्याखाली तांबड्या उजेडाचा दिवा असतो. आजूबाजूच्या बहुतेकांना तांबडं दिसत नाही, त्याला दिसतं. आणि त्याच्या डोळ्यात तांबडं बघायला मदत करणारं जे द्रव्य आहे ते हरितद्रव्यापासून बनलेलं आहे. हे १९९८ मध्ये उघड झालं. वर कुठंतरी उन्हात वाढलेल्या हिरव्या कणाचा अंश, एकानं दुसऱ्याला खात खात, काळोखातल्या त्या डोळ्यापर्यंत पोचतो आणि तिथं बघायच्या कामाला येतो. भाची काही वेळ बोलली नाही. मग म्हणाली, “हा खलनायक नको. हा चांगला असू दे. त्याला एकट्याला निळवातीचा खरा रंग दिसतो.”

संध्याकाळी काकूंनी पणत्या लावल्या. आईनं त्यांना तेलाविना जळणाऱ्या दिव्यांचा श्लोक म्हणून दाखवला. काकूंनी तो दोनदा म्हणवून घेतला आणि अर्थ विचारला. रात्री पुन्हा देवबागला गेलो. वारा फिरला होता, उजेड कालच्या निम्माही नव्हता, पण होता.

बुधवार

परतीचा दिवस, सगळा रस्त्यात गेला. कणकवलीवरून फोंडा घाट चढलो, कोल्हापूरला जेवलो. भाचीनं चोवीस ओळींचं पान काळजीपूर्वक फाडून मला दिलं. त्याच्यावर आता आंग्रिया बँक आहे, बीबीचा गोळा आहे, शूर शैवाल आहे आणि चोविसाव्या ओळीवर हिरव्या ठिपक्याशेजारी निळ्या पेन्सिलीनं काढलेली निळवात. ते पान मी लिहायच्या टेबलासमोर लावणार आहे, कारण पहिली चार प्रकरणं नव्यानं लिहायची आहेत.

एक प्रश्न मात्र समुद्रावर सुटला नाही. तळकरांच्या देवळात मला असा उजेड हवा आहे जो धक्क्याशिवाय, आपणहून, रात्रभर मंद तेवतो. नॉक्टिल्युका तसा देत नाही, सी-पेनही नाही. भीमाशंकरची बुरशी देते. तिला कुणी डिवचावं लागत नाही. लाकूड ओलं आहे तोवर ती उजळत राहते. आईला चढ झेपेल का हे बघून, पाऊस चांगला लागला की आम्ही तिघी तिकडे जाऊ. वनखात्याची परवानगी आणि रात्रीचा वाटाड्या, दोन्हीची चौकशी मी उद्यापासून सुरू करते आहे.